बस म्हणेपर्यंत आरसा धरायचा

उजेड माझ्या हातातल्या पांढऱ्या पुठ्ठ्यावरून घसरला, लुगड्यावर आला, पायांवर आला आणि लेण्यात अंधार झाला. मी दाराकडं तोंड करून ओरडले, "अवो, नीट धरा की आरसा! पेंगले वाटतं!" तेवढ्यात बाहेर काच फुटली.

कॅमेरावाला हलला नाही. त्याच्या शेजारी माझी मुलगी उभी होती, तिनं एक हात वर धरला होता. हात वर म्हणजे चालू ठेव. उजेड माझ्या अंगावरून खाली उतरत गेला ते तिला फार चांगलं दिसलं होतं. हे तिनं मला नंतर स्वतःच सांगितलं.

बाहेर गेलो तर माझा नवरा डाव्या कुशीवर पडलेला. आरशाची रिकामी चौकट मुठीतच होती, बोटं एकेक करून सोडवावी लागली. कपाळाला हात लावला तर चटका बसला आणि अंगावर घामाचा थेंब नव्हता. पहारेकऱ्यानं पाणी ओतलं. डोलीवाले धावत आले. सकाळी वर चढताना हेच डोलीवाले मागं लागले होते तर हा त्यांना म्हणाला होता, "मी मढं हाये का, खांद्यावर न्यायला?" आता त्यांनी त्याला खांद्यावर घेतला आणि खाली पोचायच्या आत तो संपला.

हे कोणामुळं झालं ते दोन तऱ्हांनी सांगता येतं. एक तऱ्हा माझ्या मुलीच्या सिनेमात आहे, ती लोकांनी पाहिली आहे. दुसरी मी इथं लिहिते. मी चौथी शिकले आहे. अक्षर वाईट आहे पण वाचता येतं.

माझं सासर फर्दापूरजवळचं. नवरा अजिंठ्याच्या लेण्यांवर आरसा धरायला होता. तेव्हा लेण्यांत लाइट नव्हती. आत भिंतींवर चित्रं, पण दारापासून दहा पावलं आत गेलं की स्वतःचा हात दिसत नाही. म्हणून एक माणूस बाहेर उन्हात मोठा आरसा घेऊन उभा राहायचा आणि ऊन आत फेकायचा. आत गाईड पांढरा पुठ्ठा धरून उभा. आरशातलं ऊन पुठ्ठ्यावर पडायचं, पुठ्ठ्यावरचा उजेड भिंतीवर. मग पाहुण्यांना चित्र दिसायचं. बाहेरच्याला आतलं काही दिसत नाही. सूर्य सरकेल तसा आरसा केसभर सरकवायचा, एवढंच काम. गाईडनं आतून 'बस' म्हटलं की आरसा खाली. तोपर्यंत काही झालं तरी नाही. आणि पाहुणे आत असताना बाहेरच्यानं आत हाक मारायची नाही.

आमचं लग्न झालं त्या वर्षी त्यानं एकदा घाम पुसायला आरसा खाली केला. गाईडनं बाहेर येऊन सगळ्यांसमोर त्याच्या कानाखाली दिली. ती चूक पुन्हा झाली नाही. पुढं एकदा कड्यावरचं आग्या मोहोळ उठलं. माणसं सैरावैरा पळाली आणि हा उभाच, कारण आत चार परदेशी पाहुणे होते. संध्याकाळी मी त्याच्या मानेतले काटे उपटत होते.

"ठेवायचा की खाली. येड लागलं व्हतं का?"

"बस म्हणाले नव्हते," तो म्हणाला.

माणूस असा होता. मला त्याचं कौतुक कधी वाटलं नाही, रागच यायचा.

मी रोज भाकरी घेऊन वर जायचे. वीसपंचवीस वर्षं गेले असेन. लेण्यात डोकावलेही, पण उजेड नसताना. उजेड असायचा तेव्हा आत पाहुणे असायचे, आणि पाहुणे असले की आम्ही बाहेर. त्यामुळं चित्रं मी पाहिली नव्हती, त्यानंही धड पाहिली नव्हती. आम्ही बौद्ध. माझ्या सासऱ्यानं दीक्षा घेतली तेव्हापासून घरात बुद्धाचा फोटो आहे. तो फोटोच आमचा. लेण्यातला बुद्ध पाहुण्यांचा.

मग लेण्यांत लाइट आली आणि आरशाचं काम संपलं. आम्ही शहरात आलो. त्याला चिकलठाण्यात एका कारखान्याच्या गेटवर काम लागलं, मी शाळेत खिचडी शिजवायचे. ऊन बघून बघून त्याचा एक डोळा गेला होता, दुसऱ्यावर निभावलं. आरसा मात्र त्यानं पत्र्याच्या पेटीमागं गोधडीत गुंडाळून ठेवला होता. मी दोनदा भंगारवाल्याला द्यायला काढला, दोन्ही वेळा भांडण झालं.

आम्हाला एकच मुलगी. शिकली, पुण्याला गेली, मग मुंबईला. जाहिराती करायची, दुसऱ्यांच्या सिनेमांत काम करायची. चाळीस ओलांडली, लग्न केलं नाही. त्यावरून मी तिला बोलायचे आणि ती हसायची. बापाला ती दादा म्हणायची, मला माय. एका दिवाळीत आली ती कॅमेरावाल्याला घेऊनच.

"माय, सिनेमा करायचाय. आपल्या घरावर."

"आपल्या घरावर काय हाये? पत्रा हाये."

"तसं नाही गं. देशाचं नाव निघालं की ती चित्रं दाखवतात. पुस्तकात, पोस्टाच्या तिकिटावर, विमानतळावर. त्या चित्रांवर उजेड कुणी पाडला? दादानं. आणि दादा कुठं होता? बाहेर. बुद्ध आपला, देश आपला, आणि माझा बाप दाराबाहेर."

"मग आत घेऊन जा त्याला. सिनेमा कशाला पाहिजे?"

"तेच करणार आहे. शेवटी."

पंधरा दिवस ती आम्हाला प्रश्न विचारत होती. कॅमेरा नाकासमोर आणि प्रश्न असे: "माय, आपण भारतीय आहोत असं तुला पहिल्यांदा कधी वाटलं?"

"रेशनकार्ड झालं तवा."

कॅमेरावाला हसला. मुलगी म्हणाली, "खरं सांग."

"खरंच सांगतीय. आन एकदा एक गोरी बाई माझा फोटो काढायला लागली तवा. म्हटलं, ही बाहेरची, म्हणजे मी हितली."

मग तिनं बापाला विचारलं, "दादा, तुला काय वाटतं? हा देश म्हणजे काय?"

तो म्हणाला, "मला नाय माहीत. मी बाहेर होतो."

मुलीच्या डोळ्यांत पाणी आलं. कॅमेरावाल्याकडं तिनं असं पाहिलं की मला तेव्हाच कळलं, ही आता म्हाताऱ्याला पुन्हा बाहेर उभं करणार.

आणि तसंच झालं. लेण्यात दिवे लावून शूटिंग करायला परवानगी नाही. तिनं अर्ज केला, आरसा म्हणजे दिवा नाही, जुन्या पद्धतीनं उजेड पाडू. कागद किती महिने फिरत होते कोण जाणे. शेवटी परवानगी मिळाली ती ऐन उन्हाळ्यातल्या तीन दिवसांची, एका लेण्यापुरती. तेवढा वेळ तिथली लाइट बंद ठेवायची होती. तारीख बदलून मागितली तर म्हणाले नवा अर्ज करा.

मी म्हटलं, "उन्हात टिकायचा नाय तो. ऐंशी गेलेत त्याचे."

म्हातारा चिडला. "का नाय टिकणार? मला काय धाड भरलीय?"

त्यानं आरसा बाहेर काढला, राखेनं घासला आणि गल्लीत उभं राहून सवय करायला लागला. समोरच्या घराच्या खिडकीत ऊन फेकायचा. समोरची बाई ओरडली, "काका, डोळे फोडता का आमचे?" तो हसला. इतक्या वर्षांत मी त्याला गल्लीत हसताना पाहिलं नव्हतं. त्याला खूळ लागलं होतं आणि ते तिनं लावलं होतं. ठरलं असं होतं की आधी तो बाहेर उभा राहील आणि शेवटी कॅमेरा तिकाटण्यावर ठेवून कॅमेरावाला आरसा धरेल. मग बाप-लेक आत जातील आणि म्हातारा चित्र बघेल. तिथं सिनेमा संपणार. आत पुठ्ठा धरायला तिनं मला घेतलं.

तो गेला ते पहिल्याच दिवशी. त्या सकाळी दाराशी पहारेकऱ्यानं मुलीला अडवलं. तिचे केस कापलेले, खांद्यावर मोठी पिशवी, डोळ्यांवर काळा चष्मा. "फॉरेनर?" तो म्हणाला. परदेशी माणसाचं तिकीट वेगळं असतं. तिनं आधार कार्ड काढलं. त्यावर शहराचं जुनं नाव होतं म्हणून त्यानं ते उलटंसुलटं करून पाहिलं.

मी म्हटलं, "अरे बाबा, फॉरेनर नाय ती. माझ्या हातची भाकरी खाऊन वाढलीय." ते कॅमेरावाल्यानं टिपलं. सिनेमात तिथं लोक हसतात.

अकरा वाजता म्हातारा लेण्यासमोर उभा राहिला. डोक्याला टॉवेल गुंडाळला होता. मुलीनं कॅमेऱ्यातून पाहिलं आणि म्हणाली, "दादा, टॉवेल काढ. त्याच्यावर जाहिरात छापलीय, ती दिसते." त्यानं काढला. दुसरा साधा कपडा तिच्याकडं नव्हता, माझ्याकडंही नव्हता. माझा पदर होता, पण तो मी दिला नाही, ते माझ्या मनातच आलं नाही.

टॉवेल तिनं काढायला लावला. पुढचं मी केलं. दोन्ही वेगळं आहे, ते एकात एक मिसळू नये.

आमच्या दोघांच्याही कपड्याला मण्याएवढे काळे माइक लावले होते. मी आत जाऊन दाखवलेल्या जागी उभी राहिले. बाहेरून ऊन आलं, नेमकं पुठ्ठ्याच्या मधोमध. इतक्या वर्षांनी, एका डोळ्यानं, पहिल्याच दणक्यात. मी पुठ्ठा कलता केला आणि भिंत उजळली.

मला वाटलं होतं देवबीव असतील. माणसंच होती. एक राजा, त्याची राणी, दागिने, खांब. आणि मागं एका कडेला एक काळी बाई हातात ताट घेऊन उभी. तिच्याकडं कोणीच बघत नव्हतं. मी तिच्यावर उजेड नेला. ताटात काहीतरी होतं पण रंग उडालेला, नीट कळेना. मी पुठ्ठा जवळ घेतला, लांब धरला, तिरका केला.

मुलगी म्हणाली, "माय, दादाला बस म्हणते आता. अर्धा तास होत आला."

मी म्हटलं, "थांब. मला बघू दे."

"काय बघायचंय?"

"तिच्या ताटात काय हाये ते."

ती खूश झाली. कॅमेरावाल्याच्या कानात काहीतरी म्हणाली आणि हात वर केला. मी बघत राहिले. किती वेळ ते मला सांगता येणार नाही. टेपवर ते मोजता येत असेल. मग उजेड घसरला. पुढचं वर लिहिलंय.

बाहेर कसलं ऊन आहे हे मला माहीत होतं. तो बस ऐकल्याशिवाय आरसा ठेवणार नाही हेही मलाच माहीत होतं, मुलीपेक्षा जास्त. काटे मी उपटले होते.

जलदान विधीला सगळे जमले. माझी नणंद मुलीच्या तोंडावर म्हणाली, "तुझ्या सिनेमापायी माझा भाऊ गेला." सगळे माझ्याकडं बघत होते. मी म्हटलं, "मी सांगत व्हते, ऐकलं नाय. हिनंच उभा केला त्याला उन्हात."

मुलगी समोर बसली होती. तिनं माझ्याकडं पाहिलं आणि मान खाली घातली. ती लगेच म्हणू शकली असती, माय, तूच थांब म्हणालीस. म्हणाली नाही. मला हायसं वाटलं आणि मी आणखी बोलले. डोक्यावरचा टॉवेल काढून घेतला तेही सांगितलं. नणंद छाती पिटायला लागली.

वर्षभर मी हेच सांगितलं. भाजीवालीला सांगितलं, समोरच्या बाईला सांगितलं, भेटायला आलेल्या त्याच्या गेटवरच्या सोबत्यांना सांगितलं. सांगून सांगून गोष्ट गुळगुळीत झाली. मुलगी मधे दोनदा येऊन गेली. दुसऱ्या वेळी गल्लीत नळावर एक बाई तिला ऐकू जाईल अशी बोलली, "ही बघ, बाप खाल्लेली." मी दारात उभी होते. मी आत गेले आणि दार लोटून घेतलं, मुलगी बाहेरच होती.

सिनेमा झाला. शहरातल्या एका हॉलमध्ये दाखवणार होते. तिनं फोन केला, "येतीस का?"

"येते."

मला माहीत होतं माझा आवाज त्यात असणार. कोणाला काही न सांगता ती वर्षभर का गप्प राहिली ते मला आता कळलं, असं मला वाटलं. चारचौघांत माझं तोंड काळं करायचं म्हणून. रिक्षात बसताना मी भ्याले होते. पण गेले. पांढरं लुगडं नेसले होते. पहिल्या रांगेत बसवलं.

भिंतीएवढा म्हातारा दिसला. त्याचा गेलेला डोळा केवढा मोठा दिसला. रेशनकार्डावर लोक हसले. मग लेणं आलं. भिंत उजळली, ती ताटवाली बाई आली, आणि पडद्यावर ती एवढी मोठी होती की मला पहिल्यांदा ताटातलं नीट दिसलं. फुलं होती. कमळाच्या कळ्या. एवढंच होतं.

मुलगी जिथं 'बस म्हणते' म्हणाली होती तिथं काही ऐकू आलं नाही. मी जिथं 'थांब' म्हणाले तिथंही नाही. तिथं श्वासाचा आवाज होता. आधी मला कळेना कोणाचा. मग म्हाताऱ्याचा आवाज आला, अगदी हळू, पुटपुटल्यासारखा. "बस म्हणा आता." थोड्या वेळानं पुन्हा, "बस म्हणा की गं." मग तिसऱ्यांदा नुसतं, "बस म्हणा." आत हाक मारायची नसते म्हणून त्यानं ते स्वतःशीच म्हटलं होतं, आणि त्याच्या सदऱ्याला लावलेल्या माइकनं ते ऐकलं होतं. त्या हॉलमध्ये मी ते पहिल्यांदा ऐकलं.

मग उजेड घसरला. पडद्यावर माझं तोंड उघडलं आणि मिटलं, आवाज नाही. अंधार झाला आणि अंधारात मुलीचा आवाज आला, "मी बस म्हणायला विसरले."

नंतर लोकांनी प्रश्न विचारले. कोणी म्हणालं देशाची आठवण तुम्ही घरात आणून ठेवलीत. एक चष्मेवाला गृहस्थ उठून म्हणाला, "वडील मरत होते आणि तुम्ही चित्रीकरण करत होता. याला तुम्ही काय म्हणाल?"

मुलगी म्हणाली, "माझ्याकडून झालं."

मी तिच्यापासून चार हातांवर होते. माझं तोंड चालू होतं, जीभ धड होती. मी काही बोलले नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

रिक्षात मी विचारलं, "माझा आवाज कुठं गेला?"

"काढला."

"का काढला? मी थांब म्हणाले व्हते."

"म्हणाली होतीस."

"मग परत घाल."

"नाही घालणार." ती रस्त्याकडं बघत होती. "वर्षभर तू सगळ्यांना काय सांगितलंस, माय? हिनं मारला. तेच मी घातलंय. तुझंच म्हणणं आहे ते."

"मी आता समद्यांना खरं सांगते."

"सांग. म्हणतील म्हातारी पोरीला वाचवतीय."

तसंच झालं. दुसऱ्या दिवशी मी नणंदेला फोन करून सगळं सांगितलं. ती म्हणाली, "वहिनी, तुम्ही आई आहात, तुम्ही असंच म्हणणार." समोरच्या बाईला सांगितलं. तिनं माझा हात धरला आणि डोळे पुसले. तिच्याकडून हात सोडवून घेताना मला तिला मारावंसं वाटलं. सिनेमा आता बाहेरच्या देशांतही दाखवतात म्हणे. जिथं दाखवतात तिथं ती उभी राहून तेच एक वाक्य म्हणते.

टेप तिच्याकडं आहे. रिक्षातून उतरताना म्हणाली, "पुसलेली नाही. ऐकायची असेल तेव्हा ये." मी गेलेले नाही. ती रविवारी फोन करते, मी उचलते. जेवलीस का, गोळी घेतलीस का, एवढं बोलतो.

त्या दिवशी लेण्याबाहेर आरसा धरून उभा होता तो माझा नवरा मेला. आत पुठ्ठा धरलेली मी आणि हात वर धरलेली माझी मुलगी, आम्ही दोघी जिवंत आहोत.